‘मानली जातात’ : मार्गेरिता ग्वार्दुच्ची आणि संत पेत्राची हाडे

२०२५ च्या ज्युबिली वर्षात आमच्या धर्मग्रामातील काही कुटुंबे रोमची यात्रा करून आली. त्यांत एक निवृत्त शिक्षिका होत्या. सेंट पीटर्स बॅसिलिकेच्या तळाखालचे उत्खनन त्यांनी पाहिले. अरुंद बोळातून वाकून जाताना गुडघ्यांनी फार त्रास दिला, पण शेवटी एका फटीतून पारदर्शक डब्यांत ठेवलेली हाडे दिसली तेव्हा डोळ्यांत पाणी आले, असे त्या सांगत होत्या. मग क्षणभर थांबून त्यांनी विचारले, “फादर, ती हाडं पेत्राचीच ना? तिथला माणूस सांगताना जरा चाचरल्यासारखा वाटला.” आम्ही तत्काळ उत्तर दिले, “हो बाई, शास्त्रज्ञांनी सिद्ध केलं आहे.”

हे उत्तर आम्ही पंचवीस वर्षे देत आलो आहोत. २९ जूनला, संत पेत्र व संत पौल यांच्या सणाच्या प्रवचनात, हाडांची ही कथा आमच्याकडून हमखास सांगितली जाई. सेमिनरीत असताना वाचलेले एक लोकप्रिय इंग्रजी पुस्तक हाच तिचा आधार होता. रोमच्या वाटाड्याला चाचरावेसे वाटले आणि आम्हांस कधीच वाटले नाही, ही गोष्ट मात्र या वेळी मनाला लागून राहिली. म्हणून ज्या विदुषीच्या संशोधनावर ही कथा उभी आहे, तिचेच लेखन हाती घ्यावे असे ठरविले. तिच्या १९५९ च्या ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर ‘द टूम ऑफ सेंट पीटर’ या नावाने १९६० मध्ये निघाले, ते आम्ही साद्यंत वाचले. १९६५ चा इटालियन ग्रंथ रोमला शिकून आलेल्या एका सहकारी धर्मगुरूंच्या मदतीने समजून घेतला, कारण आमचे इटालियन स्तोत्रांच्या पलीकडे जात नाही. सोबतीला टॉयन्बी व वॉर्ड-पर्किन्स यांचा १९५६ चा ग्रंथ आणि उत्खननात प्रत्यक्ष सहभागी असलेले येशूसंघीय फादर किर्शबाऊम यांचे पुस्तकही होते. या वाचनातून जे हाती लागले ते वाचकांपुढे ठेवीत आहोत. त्यात आमच्या स्वतःच्या प्रवचनांची दुरुस्तीही आहे.

मार्गेरिता ग्वार्दुच्ची (१९०२-१९९९) या रोम विद्यापीठात ग्रीक शिलालेखशास्त्राच्या प्राध्यापक होत्या. क्रीट बेटावरील शिलालेखांचे चार खंड त्यांनी संपादित केले. ग्रीक लेखविद्येवरील त्यांचा चार खंडांचा ग्रंथ या शास्त्राच्या अभ्यासकांना आजही टाळता येत नाही. म्हणजे भाविकपणे रोमला जाऊन चमत्कार शोधणारी ही कोणी हौशी बाई नव्हती. एवढेच नव्हे, तर ख्रिस्ती पुरातत्त्वातील गोड गैरसमज मोडण्याचे धैर्यही त्यांच्यापाशी होते. रोममध्ये १५५१ साली आसनस्थ आकृतीचा एक संगमरवरी पुतळा भग्नावस्थेत सापडला. आसनाच्या बाजूंवर ईस्टरच्या तारखांचे कोष्टक व ग्रंथांची एक ग्रीक यादी कोरलेली होती. त्यावरून तो हुतात्मा हिप्पोलितसचा ठरवून पीर्रो लिगोरिओने त्याला दाढीवाले मस्तक बसविले आणि पुढे चार शतके सर्वांनी त्यालाच हिप्पोलितस मानले. मूळ मूर्ती एका स्त्रीची आहे हे ग्वार्दुच्ची यांनी दाखवून दिले. आद्य ख्रिस्ती वाङ्मयाच्या इतिहासात या यादीवर किती इमले रचले गेले होते, हे लक्षात घेता त्यांच्या या कार्याचे मोल मोठे आहे. संशय कसा घ्यावा हे या बाईंना ठाऊक होते. म्हणूनच पेत्राच्या बाबतीत त्यांचा संशय कोठे थांबला, हा प्रश्न महत्त्वाचा ठरतो.

आता मूळ प्रकरण. १९३९ च्या फेब्रुवारीत अकरावे पायस निधन पावले. त्यांच्या दफनाच्या निमित्ताने बॅसिलिकेखालच्या तळघरात काम सुरू झाले आणि जमिनीखाली प्राचीन बांधकाम लागले. बाराव्या पायस यांनी उत्खननाची आज्ञा दिली. १९४० ते १९४९ या काळात, म्हणजे बाहेर महायुद्ध चालू असताना, हे काम बहुतांशी गुप्तपणे झाले. एन्रिको योझी, आपोलोन्य गेत्ती, आणि फादर फेर्रुआ व फादर किर्शबाऊम हे दोघे येशूसंघीय असे चौघे उत्खननकार होते. बॅसिलिकेच्या व्यवस्थेचे प्रमुख मॉन्सिनियर लुडविग कास हे सर्वांवर देखरेख करीत. उतरणीवर दोन्ही बाजूंना वीटकामाच्या कबरघरांची एक गल्लीच तेथे सापडली. पोपिलियस हेराक्ला नावाच्या गृहस्थाच्या कबरीवर त्याच्या मृत्युपत्रातील मजकूर कोरलेला आहे. आपले स्मारक व्हॅटिकनमध्ये, सर्कसजवळ बांधावे, असे त्याने वारसांस बजावले होते. नीरोची सर्कस याच परिसरात होती हे त्यामुळे दगडावरच लिहिलेले मिळाले. युलियस घराण्याच्या कबरीत छतावर सूर्यरथात उभ्या असलेल्या ख्रिस्ताचे सोनेरी मोझाइक आहे, भिंतीवर गळ टाकून बसलेला कोळी व योना आहेत.

मुख्य वेदीच्या बरोबर खाली, एका लहानशा मोकळ्या जागेच्या कडेला तांबड्या गिलाव्याची एक भिंत आहे. शेजारच्या नाल्याच्या विटांवरील शिक्क्यांवरून ती साधारण इसवी सन १६० च्या सुमाराची ठरते. तिच्यात कोनाडे आहेत, समोर दोन लहान खांबांवर दगडी फळी टेकविलेली होती. आमच्या गावांतील चौकातल्या क्रूसाच्या कोनाड्याहून हे देवस्थान फारसे मोठे नसावे.

येथे एक जुने लेखन उपयोगी पडते. पोप झेफिरिनुस यांच्या काळात (१९९-२१७) रोममध्ये गायस नावाचा एक विद्वान ख्रिस्ती होता. त्याचा प्रोक्लस या माँटेनसपंथीयाशी वाद झाला. प्रोक्लसने आशियातील हिएरापोलिस येथे फिलिप व त्याच्या भविष्यवादिनी मुली पुरलेल्या असल्याचा दाखला दिला. आपल्या पंथाला त्या मुलींचा वारसा आहे, हे त्यास सुचवायचे होते. गायसने उत्तर दिले की, तुम्ही व्हॅटिकनवर किंवा ओस्तियाच्या रस्त्यावर चला, या ख्रिस्तसभेची स्थापना करणाऱ्या प्रेषितांची विजयस्मारके मी दाखवितो. चौथ्या शतकातील इतिहासकार युसेबियस याने हे उत्तर जतन केले आहे. गायसचा शब्द ‘ट्रोपाइऑन’ असा आहे. त्याचा अर्थ कबर की वधस्थानावरील स्मारक, याविषयी पंडितांत वाद आहे. पण तांबड्या भिंतीतील देवस्थान म्हणजेच गायसने बोट दाखविलेले ते स्मारक, याबद्दल फारसा वाद नाही. प्राचीन लेखन आणि जमिनीतील वीट यांची अशी गाठ क्वचितच पडते.

गायसच्याही मागे गेल्यास पुरावा विरळ होत जातो. पहिल्या शतकाच्या अखेरीस रोमच्या क्लेमेंटने करिंथकरांस लिहिलेल्या पत्रात पेत्राच्या कष्टांचा व साक्षीचा उल्लेख आहे, परंतु स्थळाचे नाव नाही. अंत्युखियाचा इग्नाशियस रोमकरांना लिहिताना पेत्र व पौल यांची आठवण काढतो, तीही ओझरती. करिंथच्या दियोनिसियसने मात्र सुमारे १७० मध्ये दोघेही इटलीत हुतात्मा झाल्याचे सांगितले आहे. ग्वार्दुच्ची यांनी हे सर्व लेखन नीटपणे मांडले असून त्यांच्या ग्रंथाचा हा भाग आम्हांस सर्वांत भरवशाचा वाटला. आपिया मार्गावरील सेंट सेबास्तियन येथे १९१५ मध्ये सापडलेल्या भिंतीवर भाविकांनी पेत्र व पौल यांना घातलेल्या हाका खरडलेल्या आहेत आणि ३५४ च्या रोमन पंचांगात पेत्राच्या स्मरणाची सांगड त्याच ठिकाणाशी, २५८ या सालासह, घातलेली आहे. दोन ठिकाणी एकाच प्रेषिताचे स्मरण का, ही अडचण खरी आहे. ग्वार्दुच्ची ती लपवीत नाहीत. व्हॅटिकनमधील अवशेष कधीच हलले नाहीत असे त्या आग्रहाने म्हणतात. तो आग्रह आहे, सिद्धी नाही, एवढे वाचकाने ध्यानात ठेवावे.

जागेविषयी आमच्या मनात आता शंका नाही. तिचे सर्वांत बोलके प्रमाण कॉन्स्टंटाइन बादशहाच्या गवंड्यांनी दिले आहे. व्हॅटिकन टेकडीची उतरण बॅसिलिकेसाठी अत्यंत गैरसोयीची होती. एका बाजूला टेकडी कापावी लागली, दुसऱ्या बाजूला प्रचंड भराव घालावा लागला. चांगल्या स्थितीतील, घरंदाज कुटुंबांच्या कबरी मातीने भरून बुजवाव्या लागल्या आणि कबरींची विटंबना हा तर रोमन कायद्याने गंभीर गुन्हा होता. काही पावले खाली सपाट जमीन असताना हा खटाटोप कोणी का करील? त्या कोनाड्याशीच वेदी आली पाहिजे, अशी रोमच्या ख्रिस्ती लोकांची चौथ्या शतकाच्या आरंभी पक्की समजूत होती, याशिवाय दुसरे उत्तर आम्हांस तरी सुचत नाही.

पण जागा निराळी आणि हाडे निराळी. १९५० च्या नाताळ संदेशात खुद्द बाराव्या पायस यांनी हाच भेद केला होता. पेत्राची कबर सापडली आहे, परंतु तेथे मिळालेली मानवी हाडे प्रेषिताची आहेत असे निश्चितपणे सांगता येत नाही, असे ते म्हणाले. १९५१ मध्ये उत्खननकारांचा दोन खंडांचा अहवाल निघाला. पुढच्या वर्षी ग्वार्दुच्ची या कामात उतरल्या.

त्यांचे लक्ष गेले ते एका लहान भिंतीकडे. तांबड्या भिंतीला तडा गेल्यावर तिला आधार म्हणून तिसऱ्या शतकात ही काटकोनातील भिंत बांधली गेली. तिच्या एका अंगावर भाविकांनी टोकदार हत्याराने एकमेकांवर एक असे इतके काही खरडले आहे की प्रथमदर्शनी जाळेच दिसते. आत संगमरवराने मढविलेला एक पोकळ कप्पा आहे. या जाळ्यातून ग्वार्दुच्ची यांनी अनेक नावे व प्रार्थना सोडविल्या. मृतांच्या नावांशेजारी ख्रिस्ताचे चिन्ह, त्यांना ख्रिस्तात जीवन लाभो अशी याचना, असा हा मजकूर आहे. हे काम करण्यास किती महिने डोळे फोडावे लागले असतील याची कल्पनाच केलेली बरी. १९५८ मध्ये त्यांनी ते तीन खंडांत प्रसिद्ध केले.

या खंडांत एक सिद्धान्त आहे आणि आमचा पहिला मतभेद तेथेच सुरू होतो. भिंतीवर पेत्राचे नाव सरळ अक्षरांत आढळत नाही, हे उत्खननकारांनी नमूद केले होते. पेत्राच्या कबरीशेजारच्या भिंतीवर पेत्रच नसावा, हे खटकणारेच आहे. ग्वार्दुच्ची म्हणतात की नाव आहे, पण गुप्त लिपीत आहे. त्यांच्या मते आद्य ख्रिस्ती लोक अक्षरांना गूढ अर्थ देत. ‘पी’ व ‘ई’ ही लॅटिन अक्षरे जोडून किल्लीसारखी आकृती होते, ती पेत्राची खूण. ‘टी’ म्हणजे क्रूस. ओमेगा आधी व आल्फा नंतर लिहिल्यास मृत्यूकडून जीवनाकडे प्रवास. एका नावातील अक्षर रेघ ओढून दुसऱ्या नावाशी जोडले तर त्या जोडण्यातही प्रार्थना आहे.

यातील काही सत्य आहे. आल्फा-ओमेगा, मासा, नांगर ही चिन्हे त्या काळच्या ख्रिस्ती कबरींवर सर्वत्र दिसतात. पण ज्या रीतीने प्रत्येक तिरकी रेघ, प्रत्येक ओरखडा अर्थपूर्ण ठरतो, ती रीत पाहून आम्ही पुस्तक मिटून ठेवले व दुसऱ्या दिवशी पुन्हा उघडले. आमच्या देवळाच्या मागच्या बाकांवर पोरांनी ‘पी’ हे अक्षर अनेक ठिकाणी कोरलेले आहे. ते पास्कोलचे, पेद्रूचे की परेरांच्या कोणा मुलाचे, हे आम्हांस आजवर कळलेले नाही. किल्ली सर्व कुलुपांना लागू लागली की ती किल्लीविषयी शंका घेण्याची वेळ असते. टॉयन्बी बाईंसारख्या जाणत्या, आणि स्वतः कॅथोलिक असलेल्या, अभ्यासकांनीही या गूढ लिपीला मान डोलावलेली नाही, यात नवल नाही.

दुसरा आधार याहून वजनदार आहे. तांबड्या भिंतीच्या गिलाव्याचा जेमतेम काही सेंटिमीटरचा एक तुकडा फादर फेर्रुआ यांना त्या कप्प्यात सापडला. त्यावर दोन ओळींत काही ग्रीक अक्षरे आहेत. वरच्या ओळीत पेत्राच्या नावाचा आरंभ आहे, खालच्या ओळीत तीन अक्षरे. ग्वार्दुच्ची यांनी ती ‘एनी’ अशी वाचली आणि ‘पेत्र येथे आत आहे’ असा अर्थ लावला. ग्रीकमध्ये हे रूप त्या अर्थाने वापरले जाते, त्यामुळे वाचन अशक्य नाही. पण तुकडा उजवीकडे तुटलेला आहे. पुढे आणखी अक्षरे असतील तर ‘पेत्र शांतीमध्ये’ असे कबरीवरचे नेहमीचे वाक्य तयार होते आणि मग तो पेत्र प्रेषितच कशावरून, हाही प्रश्न उठतो. निर्णय तुटलेल्या कडेवर अवलंबून आहे. ग्वार्दुच्ची यांनी एक शक्यता निवडली, तो त्यांचा अधिकार होता. परंतु पुढच्या पानांवर ती शक्यता हळूहळू वस्तुस्थिती म्हणून वावरू लागते. सामान्य वाचकाच्या हे लक्षातही येत नाही. आमच्या आले नव्हते.

आणि आता पेटीकडे वळू. उत्खननकारांना तांबड्या भिंतीच्या पायाशी जी हाडे मिळाली होती, ती मानवशास्त्राचे प्राध्यापक वेनेरांदो कोर्रेंती यांनी तपासली तेव्हा ती एकाहून अधिक माणसांची व जनावरांचीही निघाली. ती आशा मावळली. मात्र ग्वार्दुच्ची यांच्या सांगण्यानुसार, १९४० च्या दशकाच्या आरंभी मॉन्सिनियर कास हे संध्याकाळी, उत्खननकारांच्या माघारी, एका कामगारास घेऊन खाली जात. सापडलेली मानवी हाडे उघडी पडू नयेत, त्यांचा मान राखला जावा, अशी त्यांची कळकळ होती. एके दिवशी त्यांनी लहान भिंतीतील कप्पा रिकामा करवून त्यातील हाडे एका लाकडी पेटीत ठेवविली व पेटी कोठीत गेली. चौघा उत्खननकारांना याचा पत्ता नव्हता. त्यांनी कप्पा पाहिला तेव्हा त्यात किरकोळ वस्तूच उरल्या होत्या आणि अहवालात तसेच छापले गेले. कास १९५२ मध्ये वारले. १९५३ मध्ये त्या कामगाराने ग्वार्दुच्ची यांना पेटी दाखविली. आत ओलसर झालेली एक चिठ्ठी होती, तीवर हाडांचा व खरडलेल्या भिंतीचा तुटक उल्लेख होता.

पुढे अनेक वर्षांनी कोर्रेंती यांनी पेटीतील हाडे तपासली. ती बहुतांशी एकाच, दणकट बांध्याच्या, साठ ते सत्तर वर्षांच्या पुरुषाची निघाली. त्यांना माती चिकटलेली होती. सोबत जांभळ्या वस्त्राचे व सोन्याच्या धाग्यांचे अवशेष होते. जनावरांची काही हाडे आणि एका उंदराचा सांगाडाही होता. ग्वार्दुच्ची यांनी यांवरून सांगड घातली ती अशी: कॉन्स्टंटाइनच्या काळात पेत्राची हाडे मातीच्या कबरीतून उचलून राजवस्त्रात गुंडाळून या कप्प्यात सुरक्षित ठेवली गेली.

सांगड सुबक आहे. सोने व जांभळे वस्त्र हे मानाचे लक्षण आहे, हे आम्हीही मान्य करतो. पण प्रत्येक धर्मग्रामाचा प्रमुख नोंदवह्या सांभाळतो आणि आम्हांस येथे आमची बाप्तिस्म्याची नोंदवही आठवली. समजा, कपाटाच्या तळाशी एखादी बिनतारखेची, बिनसहीची चिठ्ठी सापडली की अमक्याचा बाप्तिस्मा येथे झाला. ती खरी असू शकेल. चिठ्ठी लिहिणारा प्रामाणिकही असेल. तरी तिच्या आधारावर आम्ही दाखला देऊ शकत नाही. साक्षीदार विचारावे लागतात, धर्मपिता कोण होते, त्या दिवशी कोणते धर्मगुरू होते हे पाहावे लागते. येथे नोंद करणारा एकमेव जबाबदार माणूस काहीही लिहून न ठेवता मरण पावला. उरली ती एका कामगाराची आठवण आणि तीही शपथेवर लिहिली गेली ती वीस-बावीस वर्षांनी. त्या कामगाराच्या सचोटीवर आम्ही बोट ठेवीत नाही. आम्हांला स्वतःला वीस वर्षांपूर्वीच्या मिस्सांच्या वेळा आठवत नाहीत.

याउलट, जुन्या गोव्यातील संत फ्रान्सिस झेवियर यांच्या देहाकडे पाहावे. २०२४-२५ च्या दर्शन सोहळ्याला आपल्यापैकी पुष्कळजण गेले होते. शांगचुआन बेटावर १५५२ च्या डिसेंबरमध्ये मृत्यू, तेथून मलाक्का, १५५४ मध्ये गोवा, १६१४ मध्ये उजवा हात रोमला, अशी साखळी कागदोपत्री हाताहातांतून चालत आलेली आहे. तेथे आपण देह कोणाचा असे विचारीत नाही. पेटीच्या बाबतीत विचारावेच लागते, आणि याबद्दल पेटीने रागावू नये.

आणखी एक अडचण आहे, जिचा आमच्या त्या लोकप्रिय पुस्तकाने फारसा बाऊ केला नव्हता. लॅटरन बॅसिलिकेत वेदीच्या वरच्या जाळीत पेत्र व पौल यांची मस्तके आहेत, अशी मध्ययुगापासूनची श्रद्धा आहे. पेटीत तर कवटीचेही तुकडे आहेत. दोन्ही दावे एकत्र नांदवायचे तर बरीच ओढाताण होते. पुढील काही लोकप्रिय लेखकांनी तर पावलांची हाडे मिळाली नाहीत, याचाही पुरावा केला: उलट्या क्रूसावरून देह उतरविताना पाय तोडले असतील म्हणे! जे सापडले तोही पुरावा आणि जे सापडले नाही तोही पुरावा, असा हा न्याय. हे पाप ग्वार्दुच्ची यांच्या माथी मारणे अन्यायाचे होईल, पण तिकडे जाणारी पायवाट त्यांच्याच पुस्तकातून निघते.

फादर फेर्रुआ यांनी हे निष्कर्ष कधीही स्वीकारले नाहीत. ते १०२ वर्षे जगले (१९०१-२००३) आणि अखेरपर्यंत आपल्या मतावर ठाम राहिले. कप्पा आपण पाहिला, तो असा भरलेला नव्हता, हे त्यांचे म्हणणे. वादात दोन्ही बाजूंनी कडवटपणा आला. आपल्या पाठीमागे कोणी कप्पा रिकामा करून गेला आणि पुढे बाहेरून आलेल्या प्राध्यापिकेने ते आपल्याला सांगितले, हे उत्खननकाराच्या पोटात सहज जिरणारे नाही, हे समजण्याजोगे आहे. तितकेच हेही समजण्याजोगे आहे की पुरुष धर्मगुरूंच्या त्या वर्तुळात एका सामान्य प्रापंचिक विदुषीला आपला आवाज चढवावा लागला असेल. पण आवाज चढला म्हणून पुरावा वाढत नाही. ग्वार्दुच्ची यांचा स्वभाव मुळातच निकराचा होता. १९८० मध्ये त्यांनी ‘प्रेनेस्ते’ची प्रसिद्ध सोन्याची पिन, जिच्यावर लॅटिनमधील अत्यंत प्राचीन लेख आहे, ती बनावट असल्याचे जाहीर केले. २०११ मध्ये शास्त्रीय तपासणीनंतर ती अस्सल ठरली. एकाच बुद्धीला एकीकडे नको तितका संशय आणि दुसरीकडे नको तितकी खात्री होऊ शकते, हे पाहून आम्ही अंतर्मुख झालो.

वाचक विचारतील, मग पोप महोदयांचे काय? २६ जून १९६८ रोजी संत पोप सहावे पॉल यांनी जाहीर केले की पेत्राचे अवशेष आम्हांस समाधानकारक वाटेल अशा रीतीने ओळखले गेले आहेत. दुसऱ्या दिवशी हाडे कप्प्यात परत ठेवण्यात आली. हे विधान पुन्हा वाचले असता, अभ्यास व चर्चा संपलेली नाही, असेही त्यांनी त्याच वेळी म्हटल्याचे दिसते. तो अर्धा भाग आम्ही प्रवचनात कधी सांगितला नव्हता. हा श्रद्धेचा सिद्धान्त नव्हे, कोणा कॅथोलिकाने तो न मानल्यास त्याच्या श्रद्धेस उणेपणा येत नाही.

२४ नोव्हेंबर २०१३ रोजी, श्रद्धावर्षाच्या समारोपाच्या मिस्सात, दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी हाडांचे आठ लहान तुकडे असलेली ब्राँझची पेटी हातात धरली होती, तो प्रसंग आपल्यापैकी अनेकांनी दूरदर्शन संचावर पाहिला असेल. २०१९ मध्ये याच अवशेषांपैकी काही त्यांनी काँस्टँटिनोपलचे कुलगुरू बार्थोलोम्यू यांना बंधुभावाने भेट पाठविले. त्या ब्राँझच्या पेटीवर लॅटिन मजकूर कोरलेला आहे. त्यात हाडे पेत्राची ‘आहेत’ असे म्हटलेले नाही. क्रियापद आहे ‘पुतान्तुर’: ‘मानली जातात’. सेमिनरीत लॅटिनच्या तासाला कर्मणी प्रयोग घोकताना आम्ही पुष्कळ जांभया दिल्या. तो प्रयोग असा उपयोगी पडेल असे तेव्हा वाटले नव्हते. व्हॅटिकनने स्वतः एवढे जपून कोरले आणि आम्ही मात्र व्यासपीठावरून ‘सिद्ध झाले’ म्हणत राहिलो.

ग्वार्दुच्ची यांच्या कार्यातील आमच्या मते सर्वांत मोठी हानी हाडांच्या वादात कोणाच्या लक्षात आली नाही. त्या खरडलेल्या भिंतीचा सरळ अर्थच गूढ लिपीच्या ओझ्याखाली दबला. त्या भिंतीपाशी आलेले लोक पंडित नव्हते. आपले कोणीतरी वारले होते, त्याचे नाव प्रेषिताच्या जवळ राहावे म्हणून त्यांनी खिळ्याने, चाकूच्या टोकाने ते कोरले. जागा संपली तेव्हा दुसऱ्याच्या नावावरच आपले नाव कोरले. २ नोव्हेंबरच्या आधी आपल्या देवळात मृतांच्या नावांची पाकिटे येतात, एकेका कागदावर दाटीवाटीने आजी-आजोबांपासून तान्ह्या बाळापर्यंत नावे लिहिलेली असतात, समासातही नंतर आठवलेले एखादे नाव घुसविलेले असते. तीच ही भिंत आहे. तीत पेत्राचे नाव का नाही, याचे उत्तरही बहुधा इतकेच आहे की पाकिटावर कोणी देवळाचे नाव लिहीत नाही. ग्वार्दुच्ची यांनीच ही नावे सोडवून आपल्या हाती दिली, हे त्यांचे ऋण आम्ही विसरत नाही. त्यांवर अर्थांची पुटे चढविली तीही त्यांनीच.

आम्ही त्या शिक्षिकाबाईंना बोलावून घेतले आणि आमचे आधीचे उत्तर मागे घेतले. जागा पेत्राची, हे मानण्यास भक्कम आधार आहे. हाडे त्याची असू शकतील, पण ते सिद्ध झालेले नाही, असे सांगितले. त्या नाराज होतील अशी भीती होती. त्या थोडा वेळ गप्प बसल्या, मग म्हणाल्या, “म्हणजे तो माणूस उगाच चाचरला नव्हता.” नंतर आम्ही त्यांना भिंतीवरच्या नावांविषयी सांगितले. तेव्हा त्यांनी विचारले, “त्यांच्यासाठी कोणी मिस्सा देतं का, फादर?” आम्हांस उत्तर ठाऊक नव्हते.

नोव्हेंबरमध्ये त्यांचे पाकीट आले. आतल्या कागदावर त्यांच्या घरच्या मृतांची अकरा नावे होती आणि खाली, निराळ्या शाईत, ‘रोमच्या भिंतीवरची मंडळी’.